वाटीभर

रविवारी खानापूरच्या बाजारात
गवताच्या दोरीनं बांधलेले बारा घेतले.
विकणारी म्हणाली, "एडी तगोरी, अक्का."
मी म्हटलं, "केवढ्याला?"
"दीडशेला बारा. सकाळचेच हायत,
पायाचा चिखल वाळला नाही बघा अजून."
मग घासाघीस कुठल्या भाषेत झाली
ते आठवत नाही. एकशेतीस दिले.

घरी बादलीत खडखड.
भरमाणी कॉटवर बसून ऐकत होता,
उठला नाही.

एके काळी तोच आणायचा.
मलप्रभेकाठच्या बांधातल्या बिळात
खांद्यापर्यंत हात घालायचा,
तोंड वर करून, डोळे मिटून,
झोपलेल्याच्या खिशातून किल्ली काढावी तसा.
"सापाचं बीळ कोरडं, ह्यांचं ओलं,
बोटाला आपोआप कळतंय," म्हणायचा.

उद्यमबागेतल्या प्रेसनं
त्यातली दोन बोटं ठेवून घेतली, अंगठ्याशेजारची.
कारखान्याचा कागद कन्नडमध्ये आला,
दवाखान्याचा इंग्रजीत,
सही त्यानं मराठीत केली, डाव्या हातानं,
पहिलीतल्या पोरासारखी.

नंतर मोठ्या दिरांकडे जेवायला गेलो.
सगळे कडाकडा फोडत होते.
ह्याच्या हातून डेंगा निसटला
आणि जावेच्या नव्या लुगड्यावर पडला.
सगळे हसले. हाही हसला.
तेव्हापासून खेकड्यानं त्याला पित्त होतं.

म्हणून आज वड्या.
हळदीच्या पाण्यात उकळले,
अडकित्त्यानं डेंगे फोडले,
शिलाईची जाड सुई पायांच्या नळ्यांतून फिरवली.
पायात काही नसतं
हे सगळ्यांना ठाऊक असतं,
तरी पाय कोणी टाकत नाही.
दोन ब्लाउज द्यायचे होते, राहिले.
दुपारी दोन वाजता
बारा खेकड्यांची एक वाटी भरली,
तीही चटणीची.

मग त्यात उकडलेला बटाटा आला,
कॅम्पातल्या बेकरीचा शिळा पाव आला,
लसूण, मिरची, कोथिंबीर, अर्धं लिंबू.
रव्यात घोळवून पहिली तव्यावर टाकली, ती फुटली.
दुसरीही फुटली.
अंडं फोडून घातलं तेव्हा कुठं
सगळे एकमेकांना धरून बसले.

भिंतीपलीकडून शांतव्वा म्हणाली,
"एन वासनीरी?"
"बटाट्याच्या वड्या," मी म्हटलं.
अर्धं तर खरंच होतं.

वडी केवढी हवी, ते आधीच ठरलेलं.
परवा रात्री तो झोपल्यावर
माझीच दोन बोटं मोजायच्या टेपनं बांधून
उरलेल्या तिनांत काय काय बसतं ते बघितलं होतं.
पेला बसत नाही.
भाकरी मोडत नाही.
लिंबाएवढा गोळा दाबून चपटा केला
तर बसतो.

ताट ठेवलं. तो बघत राहिला.
"ह्यात फोडायचं काय?"
"काय नाही. खायचं."
एक उचलली. बसली बोटांत.
दुसरी. तिसरीला तो थांबला,
जीभ गालात फिरली,
आणि ताटाच्या कडेला त्यानं
नखाएवढं कवच काढून ठेवलं.
"राहिलं वाटतं," मी म्हटलं.
"असू दे की. नाहीतर मी बटाटाच समजलो असतो."

चौथी खाऊन झाल्यावर विचारलं,
"कुठल्या काठचे?"
मी कुठं विचारलं होतं?
"चिखल काळा होता का तांबडा?"
तेही बघितलं नव्हतं.
धुतलेलं पाणी बादलीत तसंच होतं,
मागच्या दारात, झाडाला घालायचं राहिलेलं.
बादली आणून त्याच्या पुढ्यात ठेवली.

तो बघेल असं वाटलं होतं मला.
त्यानं हात घातला,
उजवा, कोपरापर्यंत,
तोंड वर करून, डोळे मिटून,
आणि तळाशी बराच वेळ काहीतरी चाचपत राहिला.
"तांबडा," म्हणाला. "जांबोटीकडचा."